राखाडी पाहुणी

मंगळवारी सकाळी अकराच्या सुमारास झेली बुर्दँच्या काचेवर तिची मुलगी आली. झेलीने हातातलं गिरवायचं टोक उचललं, डोळे मिटले, पुन्हा उघडले. मुलगी तिथेच होती. नाचाच्या दिवाणखान्यात, उजव्या बाजूला, मखमली पडद्याजवळ, एक पाय पुढे टाकलेला आणि एक हात हवेत अर्धवट राहिलेला.

काच म्हणजे पुस्तकाच्या पानाएवढी दुधी काच. मागून दिव्याचा उजेड येई आणि फिल्मवरचं नखाएवढं चित्र मोठं होऊन तिच्यावर थांबून राही. टोकाने त्या चित्रातल्या आकृतीची कड गिरवायची. मग लांब दांड्याच्या दुसऱ्या बाजूला बसवलेली सुई तीच कड लहान करून दुसऱ्या एका फिल्मवर कापत जाई. त्या कापलेल्या भोकांतून पलीकडच्या खोलीत मखमलीच्या पट्ट्याने रंग भरत. एक चित्र झालं की पायाने कळ दाबायची, पुढचं चित्र. एका मीटरमध्ये बावन्न चित्रं. तासाभरात मीटरभर काम झालं तर हात चांगला म्हणत. जितके रंग तितक्या कापणाऱ्या, आणि प्रत्येकीने फक्त आपल्या रंगापुरतं बघायचं. झेली पिवळ्यावर होती. शेजारची फिलोमेन निळ्यावर. पिवळ्यात काय काय येतं त्याचा कागद सकाळी मिळे: झुंबर, मेणबत्त्या, आरशाची चौकट, काउंटिणीचा झगा. नोकर, गाडीवान, फाटकाबाहेरची गर्दी, धोबिणी, मोलकरणी यांची नावं कुणाच्याच कागदावर नसत. ते राखाडी राहत. हा कुणी मुद्दाम केलेला कायदा नव्हता. रंगाला खर्च होता, सुईला वेळ लागत होता, आणि बघणाऱ्याची नजर जिथे न्यायची तिथेच रंग टाकायचा, एवढंच. आधी पात्याने आणि मग यंत्राने, झेलीने नऊ वर्षांत हजारो झगे कापले होते. ॲप्रन एकही नाही.

“पुन्हा इस्त्रीवालीच का गं?” सकाळी कागद वाचताना फिलोमेन म्हणाली होती. “काउंटचा मुलगा आणि इस्त्रीवाली. यंदाची ही चौथी.”

“शेवटी काय होतं हिचं?”

“मरते. बर्फात. म्हणजे शेवटचे वीस मीटर आपल्याला सुट्टी.”

झेली तेव्हा हसली होती. आता तिने कागद पुन्हा पाहिला. सातव्या ओळीत लिहिलं होतं: नाचाचा प्रसंग, उजवीकडून येणारी पाहुणी, झगा पिवळा. ती पाहुणी म्हणजे ओदिल. चेहरा सुपारीएवढा होता आणि हलल्यामुळे थोडा पुसट, पण आईला चेहऱ्याची गरज नव्हती. झग्याच्या डाव्या कमरेवर मण्यांनी भरलेल्या गव्हाच्या ओंब्या होत्या. त्यांतल्या तीन ओंब्या झेलीने स्वतः पुन्हा ओवल्या होत्या. गेल्या वसंतात ओदिल हा झगा कापडात गुंडाळून घेऊन आली होती. मालकिणीची ओंबी दरवाजाच्या कडीत अडकून तुटली होती आणि शिवणाऱ्या बाईकडे दिला तर आठ दिवस लागतील, म्हणून. मोंत्रयला झेलीच्या खोलीत, खिडकीजवळच्या टेबलावर तो झगा संध्याकाळभर पसरलेला होता. त्याच्यामुळे त्या रात्री दोघींनी पलंगावर बसून, ताटल्या मांडीवर घेऊन जेवण केलं. खरा रंग जर्दाळूसारखा होता. शेवटचा मणी ओवून झाल्यावर ओदिल म्हणाली होती, “अंगावर धरून बघू?” आणि झेली म्हणाली होती, “हात नको लावूस.”

कसं घडलं असेल ते कुणी सांगायची गरज नव्हती. ओदिल पॅरिसच्या पासी या श्रीमंत वस्तीत मादाम द व्हेरिएर यांच्याकडे सहा वर्षं होती, बाईंच्या खास सेवेला. घरची मंडळी जानेवारीतच नीसला गेली होती, बाईंनी या खेपेला धाकट्या बहिणीची मोलकरीण सोबत नेली होती, आणि ओदिल बंद घरात, पांढऱ्या चादरी टाकलेल्या खुर्च्यांमध्ये एकटी होती, कपाटात तो झगा मागे राहिलेला. स्टुडिओ झेलीच्या कारखान्यापासून दोन रस्त्यांवर. गर्दीसाठी माणसं लागली की फाटकावर पाटी लागे, आणि त्या पाटीची दुसरी ओळ सगळ्या भागाला पाठ होती: स्वतःचा संध्याकाळचा पोशाख असणाऱ्यांना दुप्पट. पोशाख असेल तर दिवाणखान्यात, नसेल तर फाटकाबाहेर. माणूस तोच, चेहरा तोच, पण कापड कुठलं त्यावर त्या दिवसापुरती त्याची जात ठरे. झेलीच्या माहितीतला एक म्हातारा वाढपी केवळ लग्नातला काळा कोट जपून ठेवला म्हणून मरेपर्यंत अकरा वेळा पडद्यावर राजदूत झाला होता. तो मेला तेव्हा कोट त्याच्यासोबत पुरू नये म्हणून जावई भांडला होता.

तिने कळ दाबली नाही. चित्र काचेवर थांबून राहिलं. दांडा गुणगुणत होता, फिलोमेनचाही, पलीकडच्या तिघींचेही. खोलीत त्या गुणगुणीखेरीज आवाज नसे, आणि फिल्म सांधायच्या द्रवाचा नासपतीसारखा गोडसर, डोक्यात चढणारा वास भरलेला असे. झेलीला वाटलं की आपण मुलीकडे तिला न विचारता बघतो आहोत. लहानपणी ओदिल झोपली असताना ती अशीच बघत बसे. पण झोपलेलं मूल आपलं असतं. ही काचेवरची बाई कुणाचीच नव्हती. हात असा काय धरलाय हिने? बोटं अर्धी मिटलेली, जणू काही उचलायला निघाली आणि विसरली. तिने फिल्म हातानेच पुढे सरकवून पाहिली. पुढच्या चित्रात पाय जमिनीपासून सुटलेला. त्याच्या पुढच्यात खांदा तिरका. पन्नास-साठ चित्रांनंतर ती खाली बसायला निघालेली, गुडघे वाकलेले, आणि मागे खुर्ची नाही. खुर्ची घेऊन येणारा नोकर अजून दोन पावलं लांब. पडणार, झेलीच्या मनात आलं. हिला सवयच नाही अशा कपड्यांची. कुणीही ओळखेल की ही मोलकरीण आहे. आणि ज्याने झगा ओळखला तो तर काहीच विचारणार नाही, सरळ पोलिसांना बोलावेल.

ज्याने नव्हे, जिने. द व्हेरिएर बाई पॅरिसात असल्या की दर गुरुवारी सासूबाईंना घेऊन बुलव्हार या हमरस्त्यावरच्या मोठ्या चित्रपटगृहात जात. हे ओदिलनेच सांगितलेलं. सासूबाईंना नाटकातलं ऐकू येत नसे, म्हणून. फिल्म मार्चमध्ये लागणार होती. मंडळी मार्चमध्येच परतणार होती.

झेलीला तूर शहरातला एक स्वयंपाकघराचा जिना आठवला. तिसाहून अधिक वर्षांत तो तिला कारणाशिवाय आठवला नव्हता. ती तेरा वर्षांची, भांडी घासायला ठेवलेली. मालकिणीचे हातमोजे जिन्याच्या कठड्यावर राहिले होते, कोवळ्या कातड्याचे, आणि आतून अजून कोमट. तो कोमटपणा तिच्या ओल्या बोटांना कळला तेवढ्यात वर दार उघडलं. ओरडा झाला नाही. मालकीण म्हणाली, “ठेव,” आणि महिनाअखेरीस हातात प्रमाणपत्र दिलं. त्यावर तिच्या माहेरच्या नावाने एवढंच होतं: झेली मोरो ही अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत या घरी होती. प्रामाणिक, कष्टाळू, स्वच्छ, यातला एकही शब्द नाही. वाईटही एक शब्द नाही. पुढच्या चार घरांनी तो कागद वाचला, उलटून मागे काही आहे का पाहिलं आणि नम्रपणे परत केला. म्हणून ती पॅरिसला आली, बायकांच्या हातपंख्यांवर फुलं रंगवू लागली, पंख्यांची फॅशन गेल्यावर फिल्मवर. घरकामात ती पुन्हा गेली नाही, पण मुलगी गेली, आणि मुलीला जाताना तिने एकच गोष्ट सांगितली: त्यांच्या वस्तू उचल, झटक, घडी घाल, पण घालून बघू नकोस. तो झगा टेबलावर असताना “हात नको लावूस” म्हणणारा आवाज तिथूनच आला असावा. सहा वर्षांत ओदिलने एक चमचा इकडचा तिकडे केला नव्हता. सहा वर्षांची सचोटी एका लांब, रिकाम्या, चादरी टाकलेल्या महिन्यात संपली. की संपली नव्हती? झेलीला राग येत नव्हता. राग येईल म्हणून ती वाट पाहत होती.

“अडकलं का?” फिलोमेनने मान न वळवता विचारलं. “तुझी कळ वाजेना.”

“नाही. दिवा लागत होता डोळ्याला.”

“मला तर रविवारीसुद्धा निळं दिसतं. नवरा म्हणतो, मी निळा दिसतो तेवढं बरं आहे, एरवी बघतेस कुठे.”

झेलीने फिल्म मागे पहिल्या चित्रावर घेतली आणि टोक काचेवर आणलं. झुंबर कापलं. मेणबत्त्या कापल्या. मग टोक ओदिलच्या खांद्याजवळ नेलं आणि काचेला न टेकवता तसंच हवेत, बाहीवरून, कमरेवरून, ओंब्यांवरून, खालच्या घेरापर्यंत फिरवलं. सुई कशालाच लागली नाही. झग्याला जेवढा वेळ लागला असता तेवढा वेळ तिने दांडा गुणगुणू दिला. मग कळ दाबली. पुढच्या चित्रात पुन्हा तसंच. न करण्याला करण्याएवढेच कष्ट पडत होते. तिचा विचार साधा होता आणि तो नऊ वर्षांच्या कामातून आला होता: रंगीत माणसांत राखाडी माणूस कुणी बघत नाही. तिने स्वतः किती काचांवर पाहिलं होतं. एकीकडे झगा, दुसरीकडे झगा, मधे तबक धरून उभा असलेला कोणी, आणि तो कोण होता हे कळ दाबायच्या आधीच ती विसरलेली असे. त्या दिवशी संध्याकाळपर्यंत तिने दोनशे अकरा वेळा आपल्या मुलीच्या अंगावरून हात फिरवला आणि दोनशे अकरा वेळा तिला तशीच ठेवली.

शुक्रवारी कारखान्याच्या मुख्य मादाम गोस्लँ रंगवलेली पहिली पट्टी घेऊन टेबलाशी आल्या. त्यांनी ती खिडकीकडे धरली आणि भिंगातून पाहिली.

“बुर्दँ, उजवीकडची पाहुणी राहिली की.”

“मला ती घरातली नोकर वाटली, मादाम.”

“गळा एवढा उघडा टाकून? कुठल्या घरात असतात असे नोकर, मलाही सांगा.” पलीकडच्या तिघी हसल्या. मादाम गोस्लँनी भिंग आणखी जवळ नेलं. त्या एक चित्र बघत होत्या, मग दुसरं, मग आणखी एक. “पिवळ्याच्या चाळीस प्रती निघाल्याही. आता काय करणार? जाऊ दे. गर्दीत आहे. कोण बघतंय तिला.”

नंतरचे दोन आठवडे झेली शांत होती. ओदिलला एक रविवार सोडून एक रविवार दुपारची सुट्टी असे. ती आली, खिडकीत बसून तिने मोज्यांना रफू केलं, पासीच्या रिकाम्या घरात पाण्याचा नळ आपोआप वाजतो ते सांगितलं. फिल्मबद्दल बोलली नाही. झेलीही बोलली नाही. बोलली असती तर मुलीला कळलं असतं की आईला कळलं आहे, आणि मग त्या झग्याला खोलीत पुन्हा जागा करून द्यावी लागली असती. हे असं न बोलणं दोघींना जमत असे. नवरा वारल्यानंतरची वर्षं त्यांनी त्या न बोलण्यावरच काढली होती. फक्त निघताना ओदिल टोपी घालायला आरशापुढे उभी राहिली तेव्हा झेलीने पाहिलं की ती स्वतःकडे बघत नाही, स्वतःच्या जरा मागे बघते आहे. सेवेकरी माणसाची सवय ती. आरसा असला की त्यात बाई कुठे आहेत ते आधी बघायचं.

पुढच्या सुट्टीच्या रविवारी ती लवकर आली, गालावर थंडीने लाली आलेली, हातात तळलेल्या बटाट्यांचा पुडा.

“आई, चल. सिनेमाला.”

“मी? दहा-दहा तास तेच बघते.”

“तू थांबलेलं बघतेस. चल ना. एकदा तरी हलणारं बघ.”

खरंच होतं. नऊ वर्षांत झेली एकदाच सिनेमाला गेली होती, आणि दिवे मालवताच तिला झोप लागली होती.

मोंत्रयचं चित्रपटगृह म्हणजे आधीचं नाचघर. बाकं लाकडी, भिंतींवर अजून कागदी फुलांच्या माळांचे खिळे. पुढे एक मुलगी पियानो वाजवत होती. पाठीमागच्या बाकावर एक जाडजूड बाई आपल्या बहिऱ्या नवऱ्याला सगळं ओरडून सांगत होती. “काय लिहिलंय?” तो विचारी. “अहो, लिहिलंय की गरिबाघरची असली तरी मन सोन्याचं आहे!” “कुणाचं?” “इस्त्रीवालीचं! समोर बघा, माझ्याकडे काय बघता, मी नाहीये सोन्याची!” सगळी रांग हसली. ओदिलने आईच्या दंडाला हात घातला. तिला आनंद मावत नव्हता. झेलीला तो कळत होता आणि नको होता.

मग नाचाचा दिवाणखाना आला. झेलीने त्याचा प्रत्येक कोपरा कापला होता, तरी तो तिने कधी पाहिला नव्हता असं तिला क्षणभर वाटलं. झुंबर पिवळं होतं आणि ते जळत होतं. कुठलाच रंग जागेवर थांबत नव्हता. काउंटिणीच्या झग्याचं पिवळं कडेवरून किंचित बाहेर सांडे, पुन्हा आत येई, पुन्हा सांडे. निळ्या झग्यावरचं निळं असंच थरथरत होतं, गुलाबीसुद्धा. एकेका चित्रात केसाएवढी चूक, आणि सोळा चुका मिळून एक सेकंद. पाण्यात दिसणाऱ्या माणसांसारखी सगळी मंडळी लुकलुकत होती. तेवढ्यात उजवीकडच्या पडद्यातून राखाडी बाई आली.

ती स्थिर होती. तिच्यावर रंगच नव्हता, म्हणून सांडायलाही काही नव्हतं. त्या सगळ्या लुकलुकाटात तेवढीच एक माणसासारखी, हाडामांसाची, कडा स्पष्ट असलेली, चालत पुढे येत होती, आणि नाचघरातल्या तीनशे माणसांची नजर काउंटिणीला सोडून तिच्याकडे वळली, ते झेलीला अंधारातही कळलं. पियानोवाली मुलगीसुद्धा वर बघत होती. कापणाऱ्या बाईखेरीज ही चूक दुसरी कुणी केली नसती. काचेवर थांबलेल्या चित्रात राखाडी बुडतं. हलत्या चित्रात रंग बुडतात.

पण झेली बाकावर पुढे सरकली ती यामुळे नव्हे. त्या चालण्यामुळे. जो हात काचेवर काही विसरल्यासारखा लटकत होता तो आता खाली येत होता, सावकाश, कुठलीही वस्तू उचलायची नसलेल्या माणसाचा हात. डोकं हलत नव्हतं. पायाखाली काय आहे ते ती बघत नव्हती, कारण पायाखालचं कुणीतरी आधीच उचललेलं असणार होतं. ही ओदिलची चाल नव्हती. ओदिल भिंतीच्या कडेने, भराभर, खांदे आत घेऊन चालते. मग ती पडद्याजवळून काउंटिणीच्या शेजारी आली आणि बसली. मागे न बघता बसली. नोकर दोन पावलं लांब होता, गुडघे वाकले, खुर्ची आली आणि ती तिच्यात उतरली, जणू जन्मापासून तिच्या मागे खुर्ची येतच आली आहे. शेजारी काउंटिणीचं काम करणारी प्रसिद्ध नटी बसली, तिने मात्र आधी हळूच मागे पाहिलं. झेलीने मादाम द व्हेरिएर यांना कधी पाहिलं नव्हतं. आता पाहिलं. नखशिखांत पाहिलं. आणि ज्यांनी त्यांना रोज पाहिलं असेल, सासूने, नणंदेने, स्वतः बाईंनी आरशात, त्यांना ओंब्या मोजायची गरजच पडणार नव्हती.

तेरा सेकंद. मग फाटकाबाहेरची गर्दी आली.

“आई,” ओदिल कानाशी म्हणाली. “पाहिलंस?”

“पाहिलं.”

“मीच होते ती.”

“माहीत आहे.”

पडद्यावर इस्त्रीवाली खोकू लागली होती आणि मागची बाई नवऱ्याला सांगत होती की आता ही टिकत नाही. “सगळ्यांना रंग होता,” ओदिल म्हणाली. “मला एकटीलाच नव्हता. असं मुद्दाम करतात का?”

“मुद्दाम केलं. मी केलं. पिवळा माझ्याकडे असतो.”

“का?”

“बाईंनी झगा ओळखू नये म्हणून. राखाडी माणसाकडे कुणी बघत नाही.”

दंडावरचा हात निघाला. बर्फ पडू लागला होता, कापायला काही नसलेले वीस मीटर. ओदिल समोर बघत बोलली, आवाज न चढवता. “तू मला मोलकरीण केलंस.”

“आहेसच.”

“त्या दिवशी नव्हते.”

तूरच्या जिन्यावर लपवायला हवे होते तसे झेलीने दोन्ही हात शालीखाली घेतले. ओदिल रडत नव्हती. ती रडली असती तर सोपं गेलं असतं.

“खुर्ची आणणारा उशीर करणार, ते मला दिसत होतं,” ओदिलच पुढे म्हणाली. “तो गडबडला होता. तरी मी मागे बघितलं नाही. बाई बघत नाहीत. आरशापुढे बसताना कधी बघत नाहीत. मी तिथे असणार, हे त्यांना ठाऊक असतं. तर मी म्हटलं, पडले तर पडले.”

“आणि पडली असतीस तर झगा फाटला असता.”

“तू पण ना, आई.” आणि तिला हसू आलं, दाबलेलं, नाकातून. झेलीच्या शालीखालचे हात सैल झाले.

इस्त्रीवाली मेली. दिवे लागले. माणसं उठली नाहीत. थोड्या वेळाने तोच कार्यक्रम पुन्हा सुरू व्हायचा होता आणि बसून राहिलं तरी कुणी उठवत नसे. झेली मनात दिवस मोजत होती. मंगळवारी मंडळी परत येणार. मंगळवारीच नोकरी सोडते म्हणून सांगितलं, तरी रिवाजाप्रमाणे पुढचे आठ दिवस राहावं लागणार, आणि गुरुवार त्या आठांत येणार. प्रमाणपत्र आठव्या दिवशी. कसंही फिरवलं तरी गुरुवार मधे उभा राहत होता. ती हे मोठ्याने बोलली.

“मोजू नकोस,” ओदिल म्हणाली. “मंगळवारी बाईंचे बूट काढताना मीच सांगणार आहे.”

“काय सांगणार?”

“की सिनेमात एक बाई आली आहे, हुबेहूब तुमच्यासारखी चालते, सासूबाईंना दाखवाच. मग सांगेन की झगाही तुमचाच.”

“आणि प्रमाणपत्र?”

“लिहितील दोन तारखा. मला पंधरा दिवसांनी स्टुडिओत पुन्हा बोलावलंय. झगा नसला तर गर्दीत उभं राहायचं.”

“गर्दीत सगळ्या राखाडीच असतात.”

“असू देत की. ते राखाडीही तुझ्याच हातचं तर असतं.”

झेलीने तिच्याकडे पाहिलं. मुलगी थट्टा करत नव्हती. तिला भीती वाटत होती, ती ओठांच्या कडेला दिसत होती, पण ती भीती घेऊनही ती बाकावर ताठ बसली होती, पाठ न टेकता, आणि झेलीला कळेना की हे ओदिलचं बसणं आहे की त्या दुसरीचं, आणि तो फरक आता कुणाला सापडणार होता. एकदा तिच्या मनात आलं, अजून वेळ आहे, अजून समजूत घालता येईल. सहा वर्षांचं घर असं टाकू नये. मग ते मनातच राहिलं. तिने पुड्यातले उरलेले बटाटे मुलीपुढे केले. ते गार झाले होते. दोघींनी खाल्ले.

दिवे गेले. दिवाणखाना पुन्हा आला, रंग सांडू लागले, आणि पडद्यातून ती निघाली. या वेळी झेलीने दुसरं काहीच बघितलं नाही. खुर्ची आली, ती बसली, आणि मागच्या बाकावरची बाई पुढे वाकली. तिचा श्वास झेलीच्या मानेला लागला.

“बघितलंत का हो ती बिनरंगाची?” ती म्हणाली. “मघाशी पण मी ह्यांना म्हटलं. खुर्चीकडे ढुंकून पाहिलं नाही! खरी मोठ्या घरची आणून बसवली असणार. जन्मावं लागतं त्या घरात. असलं शिकून येत नाही.”

ओदिलने मागे वळून पाहिलं नाही.

“येतं,” झेली पडद्यावरून नजर न काढता म्हणाली. “सहा वर्षं लागतात.”